सपाट रंगांना उजेड: सेर्खिओ पाब्लोस आणि ‘क्लाउस’चं प्रकरण

एलिमेंटरी किंवा इंटरमीजिएटच्या परीक्षेला बसलेल्यांना स्थिरचित्राचा पेपर आठवत असेल. टेबलावर मडकं, शेजारी एखादं फळ, मागे चुण्या पडलेलं कापड. आधी बाह्यरेषा काढायची, मग उजेड कुठून येतोय ते बघून छटा भरायच्या. उजेडाची बाजू, सावलीची बाजू, कापडावर पडलेली पडछाया आणि कापडावरून उसळून मडक्याच्या पोटाला लागलेला तो अंधूक उजेड. एवढं साधलं की कागदावरच्या वर्तुळाला पोट येतं.

आता ते मडकं चालू लागलंय असं समजा. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे मिनिटाला १४४०. दर थोड्या वेळाने त्याचा कोन बदलणार आणि छटा पुन्हा पहिल्यापासून भराव्या लागणार. त्यात हाताने भरलेली छटा दोन चित्रांत कधीच तंतोतंत सारखी उतरत नाही, त्यामुळे पडद्यावर ती सतत वळवळताना दिसते. यावर हाताने काढलेल्या ॲनिमेशनने फार पूर्वीच तडजोड केली. पार्श्वभूमी हलत नाही, तेव्हा ती पूर्ण छायाप्रकाशासह रंगवायची. पात्रं हलतात, तेव्हा त्यांना बाह्यरेषा आणि आत सपाट रंग. जुनी कार्टून बघताना कड्यावरचा कोणता दगड आता कोसळणार हे आपल्याला लहानपणी आधीच कळायचं, ते यामुळेच. तो दगड शेजारच्या दगडांपेक्षा सपाट दिसायचा.

ही तडजोड इतकी अंगवळणी पडली की लोक तिलाच हाताच्या ॲनिमेशनचा स्वभाव समजू लागले. सेर्खिओ पाब्लोस या स्पॅनिश चित्रकार-ॲनिमेटरने तिच्याकडे अर्धवट सोडलेलं काम म्हणून पाहिलं. २०१९ साली आलेला त्यांचा ‘क्लाउस’ हा ॲनिमेशनपट कसा बनला, कुठे अडला, काय साधलं आणि काय साधलं नाही, त्याची ही मांडणी.

डिस्नेतली वर्षं

पाब्लोस यांचा जन्म १९७० चा, बार्सिलोनाचा. पूर्ण लांबीचं ॲनिमेशन स्पेनला नवं नव्हतं. आर्तुरो मोरेनो या चित्रकाराने १९४५ मध्येच बार्सिलोनात ‘गार्बान्सितो दे ला मान्चा’ हा रंगीत ॲनिमेशनपट पुरा केला होता. पण ऐंशीच्या दशकाअखेरीस हातात कसब असलेल्या तरुणाला मोठं काम हवं असेल, तर देश सोडण्यावाचून गत्यंतर नसे. पाब्लोस कॅलिफोर्नियातल्या कॅलआर्ट्स या कलासंस्थेत शिकले आणि पुढे डिस्नेच्या पॅरिसमधल्या स्टुडिओत लागले. तिथून ते बरबँकच्या मुख्य स्टुडिओत गेले. ‘द हंचबॅक ऑफ नोत्र दाम’ आणि ‘हर्क्युलीज’ या चित्रपटांवर त्यांनी काम केलं. ‘टार्झन’मध्ये टँटर हा भित्रा हत्ती त्यांच्याकडे सोपवला गेला आणि ‘ट्रेझर प्लॅनेट’मध्ये श्वानमुखी खगोलशास्त्रज्ञ डॉक्टर डॉप्लर. या दोन पात्रांचे ते पर्यवेक्षक ॲनिमेटर होते. म्हणजे ते पात्र चालतं कसं, अडखळतं कसं, गडबडलं की हात कुठे जातात, हे सगळं त्यांनी ठरवायचं आणि त्या पात्रावर काम करणाऱ्या इतर ॲनिमेटरांना त्याच मापात ठेवायचं.

हे दोन्ही चित्रपट या प्रकरणाच्या दृष्टीने महत्त्वाचे आहेत. डिस्नेने ‘टार्झन’साठी डीप कॅनव्हास नावाचं तंत्र तयार केलं होतं. त्यात चित्रकाराने रंगवलेली पार्श्वभूमी संगणकात त्रिमितीत उभी राही आणि कॅमेरा तिच्या आतून फिरू शके. ‘ट्रेझर प्लॅनेट’मध्ये ते आणखी पुढे नेलं गेलं. पार्श्वभूमीला अशी खोली आली, पण पात्रं बहुतांशी जुन्याच सपाट रंगांत राहिली. दोघांमधली दरी त्यामुळे पूर्वीपेक्षा जास्त जाणवू लागली. पाब्लोस त्या दरीत रोज काम करत होते. त्यांच्या पुढच्या आयुष्यातला प्रश्न इथेच पडला असावा, असा माझा अंदाज आहे.

‘ट्रेझर प्लॅनेट’ २००२ च्या नोव्हेंबरात आला. सुमारे १४ कोटी डॉलर खर्च आणि जगभरातली मिळकत सुमारे ११ कोटी. त्याच्या वर्षभर आधी ‘श्रेक’ने संगणकीय ॲनिमेशनच्या जोरावर तिकीटबारी गाजवली होती आणि ॲनिमेशनपटांसाठी नव्याने सुरू झालेलं पहिलंच ऑस्करही नेलं होतं. स्टुडिओच्या वरिष्ठांनी या दोन आकड्यांवरून निष्कर्ष काढला की प्रेक्षकांना हाताचं काम नको आहे. पॅरिसचा स्टुडिओ २००३ मध्ये बंद झाला, ओरलँडोचा २००४ च्या सुरुवातीला. वीस-वीस वर्षं पेन्सिलीवर काढलेल्या लोकांनी माउस हातात घेतला किंवा धंदा सोडला.

मला आजही हा निष्कर्ष अन्यायाचा वाटतो. चित्रपट पडण्याची कारणं कथेत, जाहिरातीत, प्रदर्शनाच्या तारखेत असू शकतात. शिक्षा मात्र माध्यमाला झाली. पडलेल्या संगणकीय चित्रपटावरून संगणकच फेकून द्या, असं त्यानंतर कुणी म्हटलेलं ऐकलं नाही.

कल्पना आपली, चित्रपट दुसऱ्याचा

पाब्लोस माद्रिदला आले आणि त्यांनी स्वतःचा स्टुडिओ काढला. पुढे तो एसपीए स्टुडिओज या नावाने ओळखला जाऊ लागला. बाहेरच्या चित्रपटांसाठी पात्रांची रेखाटनं करणं, कथाकल्पना तयार करून विकणं यावर घर चालत होतं. ‘रिओ’च्या पात्ररचनेत त्यांचा हात आहे. मुंबई-पुण्याच्या स्टुडिओंमध्ये परदेशी मालिकांची कामं करत दिवस काढलेल्यांना हे जगणं वेगळं समजावून सांगायला नको.

याच काळात त्यांनी एका खलनायकाला नायक करणारी कल्पना चित्रांसह बांधली. तिचं नाव ‘इव्हिल मी’. ती अमेरिकेत इल्युमिनेशन या नव्या कंपनीने घेतली आणि २०१० मध्ये ती ‘डिस्पिकेबल मी’ म्हणून पडद्यावर आली. जगभरात ५४ कोटी डॉलरहून अधिक धंदा झाला आणि एक अखंड मालिकाच सुरू झाली. श्रेयनामावलीत ‘सेर्खिओ पाब्लोस यांच्या कथेवर आधारित’ असं लिहिलेलं दिसतं. पण दिग्दर्शन दुसऱ्यांचं, ॲनिमेशन पॅरिसमधल्या दुसऱ्या स्टुडिओचं. यतींच्या गावाची त्यांची आणखी एक कल्पना याच वाटेने गेली आणि २०१८ मध्ये ‘स्मॉलफूट’ या चित्रपटाच्या रूपाने आली.

पैसे मिळाले, नावही लागलं. तरीही ज्याच्या हातात चित्र आहे, त्याला आपली गोष्ट दुसऱ्याच्या हाताने घडताना पाहणं पुरत नाही. पुढची कल्पना विकायची नाही, स्वतः दिग्दर्शित करायची आणि माद्रिदमध्येच करायची, हे त्यांनी ठरवलं. या प्रकरणातला सर्वांत कठीण निर्णय मला हाच वाटतो. प्रकाशाचं तंत्र त्यानंतरचं.

सांताक्लॉजच का

कल्पनेची सुरुवात ‘बॅटमॅन बिगिन्स’ पाहून झाली, असं पाब्लोस यांनी सांगितलं आहे. सगळ्यांना माहीत असलेल्या पात्राची, कुणालाच माहीत नसलेली मुळं सांगायची. त्यांनी अशा नावांची यादी केली. त्यात ड्रॅक्युला होता, नेपोलियन होता. सांताक्लॉजही होता, पण त्याच्यावर आधीच फार झालंय म्हणून तो त्यांनी बाजूला ठेवला. मग लक्षात आलं की त्याच्यावर चित्रपट पुष्कळ असले तरी तो मुळात असा का झाला, याचं समाधानकारक उत्तर कुठेच नाही.

कथेचा नायक क्लाउस नाही, येस्पर आहे. टपालखात्याच्या प्रमुखाचा ऐषारामी मुलगा. बाप त्याला उत्तर ध्रुवाजवळच्या स्मीरेन्सबर्ग गावी धाडतो आणि वर्षभरात ६००० पत्रांवर शिक्का मारण्याची अट घालतो. गावात एलिंगबो आणि क्रम या दोन घराण्यांचं पिढीजात वैर, त्यामुळे कुणी कुणाला पत्र लिहीत नाही. शाळेत मुलं नाहीत म्हणून मास्तरीण वर्गातच मासे विकते. गावाबाहेर एकटा राहणाऱ्या क्लाउस नावाच्या लाकूडकाम करणाऱ्या म्हाताऱ्याकडे खेळण्यांचा ढीग असतो. मुलांनी खेळण्यांसाठी पत्रं लिहिली तर आपला आकडा पुरा होईल, एवढ्या स्वार्थावर येस्पर कामाला लागतो.

गावाचं नाव हवेतून आलेलं नाही. स्वालबार्ड द्वीपसमूहाच्या वायव्य टोकाला स्मीरेनबर्ग नावाची डच देवमासेमाऱ्यांची वस्ती सतराव्या शतकात खरोखर होती. नावाचा अर्थ चरबीचं गाव. देवमाशाची चरबी तिथे कढवत असत. चित्रपटातल्या गावावर ती तेलकट, काळपट कळा सुरुवातीला स्पष्ट जाणवते.

टीझर आणि नकार

२०१५ मध्ये पाब्लोस यांच्या चमूने एक छोटा टीझर बनवून इंटरनेटवर टाकला. पाहणाऱ्यांचा पहिला प्रश्न हाच की हे त्रिमितीत केलंय का? नव्हतं. सगळं हाताने काढलेलं होतं. धंद्यातले लोक थक्क झाले, कौतुकही खूप झालं. पैसे मात्र कुणी काढेना. ज्या स्टुडिओंकडे प्रकल्प नेला, त्यांना ही जोखीम फार मोठी वाटली. स्पेनमधला स्टुडिओ, पहिल्यांदाच दिग्दर्शन करणारा माणूस, हाताचं ॲनिमेशन आणि त्यात नाताळची गोष्ट, म्हणजे वर्षातले चारच आठवडे चालणारा माल. मी हिशेबनीस असतो तर कदाचित मीही कचरलो असतो.

२०१७ च्या नोव्हेंबरात नेटफ्लिक्सने प्रकल्प घेतला. त्यांना तेव्हा स्वतःचा ॲनिमेशनपट हवा होता आणि ‘क्लाउस’ त्यांचा पहिला मूळ ॲनिमेशनपट ठरला. वर्गणीवर चालणाऱ्या सेवेला नाताळचा चित्रपट वेगळ्या कारणाने परवडतो, दर डिसेंबरात तो पुन्हा पाहिला जातो. थिएटरवाल्यांना जो दोष वाटला, तोच इथे गुण ठरला.

प्रकाश कसा आला

आता मुख्य कामाकडे येऊ. पात्रांवर सावल्या टाकण्याचे प्रयत्न पूर्वी झाले नव्हते असं नाही. १९८८ च्या ‘हू फ्रेम्ड रॉजर रॅबिट’मध्ये कार्टून पात्रं खऱ्या माणसांत मिसळावीत म्हणून सावल्यांची वेगळी चित्रं फ्रेमगणिक काढून ती चित्रीकरणावर बसवली होती. परिणाम अजोड, पण मेहनत आणि खर्च अफाट. रोजच्या कामाची पद्धत म्हणून ते कुणी चालवू शकलं नाही.

पाब्लोस यांनी फ्रान्समधल्या अँगुलेम शहरातल्या ले फिल्म द्यू प्वासाँ रूज या कंपनीची साथ घेतली. रेषाचित्राची हालचाल पकडून त्यावर रंग आणि पोत चिकटवून ठेवणाऱ्या साधनांवर ही मंडळी काम करत होती. त्यातूनच ‘क्लाउस’साठी प्रकाश-सावलीचं साधन घडवलं गेलं. काम चालायचं असं. ॲनिमेटर नेहमीप्रमाणे, पण कागदाऐवजी संगणकाच्या पाटीवर, चित्रं काढायचा. क्लीन-अप व्हायचं, म्हणजे कच्च्या रेषा साफ केल्या जायच्या, मग सपाट रंग भरले जायचे. इथवर जुनाच रस्ता. मग ते शॉट प्रकाश रंगवणाऱ्यांकडे जायचे. मुख्य प्रकाश कुठून पडतोय, बर्फावरून किंवा भिंतीवरून उसळलेला कुठे लागतोय, कडेने चमकणारी रिम लाइट किती, हनुवटीखाली आणि कॉलरच्या आत किती काळोख साचतोय, असा एकेक थर ते वेगळा रंगवत. हे सगळं प्रत्येक फ्रेमवर करायचं नसे. काही मोजक्या चित्रांवर प्रकाशाचे आकार हाताने ठरवले की मधल्या फ्रेममध्ये साधन ते रेषांबरोबर सरकवत नेई. जिथे ते चुके, तिथे चित्रकार पुन्हा हात लावी. शेवटी कपड्यांवर, कातडीवर रंगाच्या फटकाऱ्यांसारखा पोत येई आणि काळी बाह्यरेषा रंगीत होऊन आकारात विरून जाई. मग पात्र आणि पार्श्वभूमी एकाच कुंचल्याने काढल्यासारखी दिसत.

एक मुद्दा इथे नीट समजून घेतला पाहिजे. संगणकीय ॲनिमेशनमध्ये पात्राची त्रिमितीतली प्रतिकृती असते, दिवा कुठे ठेवला ते सांगितलं की सावल्यांचं गणित यंत्र करतं. ‘क्लाउस’च्या येस्परमागे अशी प्रतिकृती नाही. काही वाहनांसारख्या गोष्टी त्रिमितीत केल्या होत्या, पण माणसं निव्वळ रेषांची आहेत. त्यामुळे त्यांच्यावरचा प्रत्येक उजेड हा चित्रकाराने घेतलेला निर्णय आहे. तो भौतिकशास्त्राला धरून असेलच असं नाही, प्रसंगाला धरून असतो. क्लाउसची पहिली भेट आठवा. झोपडीच्या काळोखात तो आधी आकारच असतो, अंगावर येणारा. चेहरा उजळतो तो हळूहळू, पुढच्या प्रसंगांत, जसजसा तो येस्परला आणि आपल्याला कळत जातो तसा.

रंगांचंही तेच. पोलिश निर्मिती-रचनाकार शिमोन बिएर्नात्स्की आणि मार्चिन याकुबोव्स्की यांनी सुरुवातीचं गाव राखाडी-निळ्या मरगळीत बुडवलं आहे. खेळणी घरोघरी पोचू लागतात तसतसे खिडक्यांत पिवळे दिवे येतात, भिंतींना रंग चढतो. हे कुणी बोलून दाखवत नाही. पुष्कळांच्या ते लक्षातही येत नसेल, आणि तरी मन उबदार होत जातं.

माणसं मिळवणं तंत्राइतकंच अवघड होतं. हाताने पूर्ण चित्रपट करण्याची सवय असलेली पिढी विखुरली होती. माद्रिदमध्ये नव्या दमाचे तरुण आणि जुने डिस्नेवाले एकत्र बसले. ‘ब्युटी अँड द बीस्ट’ची बेल ज्यांच्या हाताखाली घडली, ते जेम्स बॅक्स्टर या चित्रपटाच्या ॲनिमेटरांत होते. शाळेतून नुकत्याच बाहेर पडलेल्या पोराला अशा माणसाचं चित्र पान उलटून-उलटून पाहायला मिळणं म्हणजे काय, हे गुरुजवळ बसून शिकलेल्या कुठल्याही कारागिराला उमगेल.

निकाल

‘क्लाउस’ ८ नोव्हेंबर २०१९ ला मोजक्या थिएटरांत आणि १५ नोव्हेंबरला नेटफ्लिक्सवर आला. २५ जानेवारी २०२० ची रात्र या प्रकरणात मोठी विलक्षण आहे. लॉस एंजेलिसमध्ये ॲनिमेशनसाठीच्या ॲनी पुरस्कारांत त्याला सात नामांकनांवर सातही पुरस्कार मिळाले, सर्वोत्कृष्ट चित्रपटासह. दिग्दर्शन आणि स्टोरीबोर्डचे पुरस्कार खुद्द पाब्लोस यांचे. त्याच तारखेला स्पेनमध्ये, मालागाला, गोया पुरस्कारांचा सोहळा होता, आणि तिथे ॲनिमेशनपटाचा मान बुन्युएल या दिग्दर्शकावरच्या दुसऱ्या स्पॅनिश चित्रपटाला गेला. आठवड्याभरात ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कार ‘क्लाउस’ला मिळाला. ऑस्करचं नामांकन होतं, पुरस्कार ‘टॉय स्टोरी ४’ घेऊन गेला.

उणिवाही सांगायला हव्यात. येस्परचा स्वार्थ उघड होतो आणि सगळे त्याच्यापासून दुरावतात, हा शेवटाकडचा भाग पन्नास चित्रपटांत पाहिलेला आहे. चित्रांत एवढं नवं करणाऱ्या माणसाने कथेत तिथे ओळखीची पायवाट का धरली, याची मला हळहळ वाटते. दुसरी अडचण धंद्याची. थिएटरांत चित्रपट नावापुरताच लागल्यामुळे तिकीटबारीचा भक्कम आकडा कधी उभाच राहिला नाही. २००२ मध्ये एका आकड्याने हाताच्या ॲनिमेशनला घराबाहेर काढलं होतं. त्याला परत आत घ्या असं मालकांना सांगायला तसाच आकडा लागला असता, आणि तो दाखवता आला नाही. मोठ्या अमेरिकी स्टुडिओंनी हाताचे चित्रपट पुन्हा सुरू केले नाहीत.

प्रकाश हाच हाताच्या ॲनिमेशनचा एकमेव पुढचा रस्ता आहे, असंही मी म्हणणार नाही. वर्षभराने आलेल्या आयरिश ‘वुल्फवॉकर्स’ने उलट दिशा धरली. तिथे सपाटपणा जपला आहे, पेन्सिलीच्या कच्च्या रेषा मुद्दाम राखल्या आहेत, आणि ते चित्रपटाला शोभलं आहे. २०१८ च्या ‘स्पायडर-मॅन: इनटू द स्पायडर-व्हर्स’ने तर संगणकाकडून छापील चित्रकथेसारखी रेघ काढून घेतली. तीन गटांनी जवळपास एकाच काळात हाताच्या रेषेकडे तीन बाजूंनी येणं, ही मला आशेची गोष्ट वाटते.

‘क्लाउस’मधला एक प्रसंग मी विद्यार्थ्यांना आवाज बंद करून दाखवतो. मार्गू ही युरोपच्या उत्तर टोकाला राहणाऱ्या सामी लोकांतली चिमुरडी. ती सामी भाषेत बोलते, येस्परला एक अक्षर कळत नाही, आणि खाली भाषांतरही येत नाही. क्लाउस आणि येस्पर रात्रभर जागून तिच्यासाठी शीड लावलेली घसरगाडी बनवतात. ती गाडी बघते, बसते, वाऱ्याने शीड भरतं आणि ती बर्फावरून सुसाट निघते. येस्पर लांबून नुसता बघत राहतो. प्रसंग संपला की मी मागे जाऊन एक फ्रेम थांबवतो आणि मुलांना विचारतो, येस्परच्या चेहऱ्यावर किती प्रकाश आहेत, मोजा. बहुतेक जण एक सांगतात. मग कुणीतरी पुढे येऊन बोट ठेवतं, ‘सर, हनुवटीखाली बघा, बर्फाचा उजेड वर आलाय.’